कादंबरीतला नवरा

"लग्नात चर्चमध्ये माझा हात धरून ममा चालेल," नाओमीनं जेवता जेवता सांगून टाकलं. "यू कॅन कम, पप्पा. पण मागे बस."

लिओचा घास हातातच राहिला. पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या कालगुर्लीच्या खाणीतून रजा काढून, पर्थला विमान बदलून तो सिडनीत केलीव्हिलच्या घरी आला होता तो लेकीच्या लग्नाचं ठरवायला... आणि लेकीनं तर त्याची जागाच ठरवून टाकली होती!

"तू ममाच्या गोष्टी जाळल्यास. युनिव्हर्सिटीत सगळ्यांनी तिच्या कादंबरीत वाचलंय ते."

लिओनं बायकोकडे पाहिलं. थायलंडमधल्या चियांगमायजवळच्या एका गावात वाढलेली कन्निका शाळेत असल्यापासून कथा लिहायची, आणि एका दुपारी संतापलेल्या तिच्या वडिलांनी त्या साऱ्या कथा अंगणात पेटवून दिल्या होत्या. पर्थला शिकायला आल्यावर तिनं ही जखम वसईच्या या अबोल इंजिनिअरला उघडी करून दाखवली. दोघांचं लग्न झालं, बँकॉकच्या मासिकांतून तिचं नाव होऊ लागलं आणि मग तिनं ती कादंबरी लिहायला घेतली. पण वडील हयात असताना त्यांच्याविषयी असं लिहायचं तिच्या जिवावर आलं.

"वडिलांच्या जागी नवरा घालू?" तिनं विचारलं होतं.

"घाल की," लिओ हसून म्हणाला होता. "मी कुठे थाई वाचतो?"

पुढे कादंबरी इंग्रजीत आली आणि गाजली. कन्निकाला सिडनीच्या युनिव्हर्सिटीत नोकरी मिळाली, लेकीला घेऊन ती इकडे आली आणि घर चालावं म्हणून लिओ एकटाच खाणीवर राहिला. मुलाखतींत लोक त्या क्रूर नवऱ्याबद्दल विचारत, कन्निका गप्प राही, आणि त्या मौनाचा अर्थ ज्यानं त्यानं लावला... पोटच्या पोरीनंसुद्धा.

आता तर कन्निकाचे वडीलही हयात नव्हते. बोल ना, लिओचं अंतःकरण आक्रंदत होतं, एवढं एकदाच बोल... कन्निका भात कालवत राहिली.

लग्नात तो शेवटच्या बाकावर बसला.

त्यानंतर काही महिन्यांनी लेखकांच्या एका मेळाव्यात एका मुलीनं कन्निकाला विचारलं, त्या माणसाला तुम्ही क्षमा कशी केलीत? समोरच नाओमी बसली होती. कन्निकानं लेकीकडे पाहिलं, आणि भर सभेत सांगितलं, की नवऱ्यानं आपला एक कागदही कधी जाळला नाही. जाळणारे आपले वडील होते.

त्याच आठवड्यात दोघी कालगुर्लीला आल्या. नाओमी दारातच बापाच्या गळ्यात पडून हमसून हमसून रडली.

"पप्पा, तू बोलला का नाहीस?"

"बोललो असतो तर तुझी ममा खोटी पडली असती."

"अँड यू?"

लिओ तिच्या केसांवरून हात फिरवत राहिला. लेकीचा हात धरून चालायचा दिवस तर केव्हाच सरला होता. या पश्चात्तापाच्या अश्रूंनी तो थोडाच माघारी येणार होता...

कन्निका म्हणाली, "मी आता खरं लिहीन, लिओ. तुझ्यावरच लिहीन."

"नको," तो म्हणाला. "आता मला कुठल्याच पुस्तकात घालू नकोस. जमलं तर चार दिवस इथे राहा."

कन्निकानं त्याचा हात घट्ट धरला. तिचं परतीचं विमान दुसऱ्या दिवशी सकाळचं होतं.