मोहोरवाडीची अकरावी खेळाडू

चेंडू उंच उडाला आणि त्याच्या मागोमाग साकिबचा आवाजही.

"आणि हा फटका... गेला, गेला, गेला... बांधाच्या पार, आंब्याच्या पार, आणि — अरे!"

लाउडस्पीकर एकदम गप्प झाला. भाताची खाचरं सपाट करून मोहोरवाडीकरांनी मैदान केलं होतं, आणि मैदानापलीकडच्या आंब्यांखाली मालिकेचं शूटिंग चालू होतं. तिथे घोट्यापर्यंतचा झगा आणि गवती टोपी घातलेली एक उंच, गोरी बाई डाव्या हातात चहाचा कप धरून उभी होती. चेंडू सरळ तिच्या डोक्यावरच निघाला होता. ती जागची हललीसुद्धा नाही. तिने उजवा हात वर केला आणि फळीवरचा डबा काढावा तसा चेंडू हवेतून काढून घेतला. चहाचा थेंब सांडला नाही.

"कॅच..." साकिब माइकमध्ये पुटपुटला. मग त्याला कंठ फुटला. "बाई कोण आहेत ते माहीत नाय, पण फलंदाज बाद हाय!"

सगळं मैदान हसलं. हसला नाही तो फक्त दिग्दर्शक, कारण नायिकेच्या आईच्या मरणाचा प्रसंग चालू होता आणि रडण्यामागून साकिबचं समालोचन रेकॉर्ड झालं होतं.

साकिब मोहोरवाडीचाच. महाडात त्याचं मांडव आणि साउंड सिस्टिमचं दुकान होतं, पण त्याचं खरं नाव झालं होतं ते माइकवर. महाड-पोलादपुरात टेनिस बॉलची स्पर्धा असो, समालोचनाला साकिबच हवा. माइक हातात असला की त्याला थांबवायला वीज जावी लागे. आणि माइक नसला, त्यात समोर मुलगी असली, की गड्याची दातखीळ बसायची. त्याच्या अम्मीने, हफिजाने, हौसेने मुली दाखवल्या होत्या. प्रत्येक ठिकाणी हा एकच वाक्य बोलून आला होता — "पंखा लावू काय?"

थोड्या वेळाने सहायक दिग्दर्शिका श्रुतिका तणतणत आली. मागून ती झगेवाली. तिने चेंडू पुढे केला.

"महाशय, हा चेंडू आपला काय?"

साकिबने मागे वळून पाहिलं. मागे कोणी महाशय नव्हता.

"शंभर वर्षांपूर्वीची गोष्ट आहे ना आमची," श्रुतिका म्हणाली. "ही सिग्ने. डेन्मार्कची. डॉक्टरीणबाईचं काम करते. मराठी माझ्याकडून शिकली, पण सगळी संवादांतली. त्यामुळे ती अशीच बोलते. मनावर घेऊ नकोस."

"नाय... म्हणजे... होय. आपलाच," साकिब म्हणाला, आणि चेंडू घ्यायचा विसरला.

"मग घ्यावा," सिग्ने म्हणाली. तिच्या निळ्या डोळ्यांत हसू होतं. आमच्या महाशयांचं त्याच क्षणी कल्याण झालं, पण ते त्यांना कळायला दोन दिवस लागले.

तोडगा निघाला तो असा. शॉट चालू असेल तेव्हा साकिबने तोंड मिटायचं, आणि शॉट संपला की आंब्याखालून सिग्ने टोपी हलवणार, मग त्याने सुटायचं. स्पर्धा आठवडाभर चालली. खेळाडू हैराण झाले. षटकार बसला तरी समालोचक आपला आंब्याकडे डोळे लावून बसलेला! टोपी हलली की त्याचा चेहरा असा उजळायचा की लोकांनी धावफलकाकडे बघणं सोडून त्याच्याकडेच बघायला सुरुवात केली.

चहाच्या सुट्टीत ती बांधावर येऊन बसू लागली. पहिल्या दिवशी बोलली तीच.

"मी बारा वर्षे डेन्मार्ककडून क्रिकेट खेळले, महाशय. मध्यमगती गोलंदाज."

"डेन्मार्कात... क्रिकेट?"

"हेच सगळे विचारतात. आमच्या मैदानावर लोक कुत्री फिरवतात. एकदा आंतरराष्ट्रीय सामना थांबला होता, कारण चेंडू कुत्र्याने नेला."

साकिब हसला. खरंच, मोकळा हसला, आणि हसता हसता त्याच्या तोंडून पूर्ण वाक्य निघालं. "आमच्याकडे म्हशी येतात. म्हशीला बॉल लागला तर चार धावा."

"म्हशीला किती मिळतात?"

"म्हशीला... कौतुक."

ती खळखळून हसली. वारा सुटला होता, आंब्याच्या मोहोराचा वास येत होता, आणि तिच्या टोपीतून सुटलेली बट सारखी तिच्या ओठांवर येत होती. साकिबने ठरवलं की बटेकडे बघायचं नाही. त्याने म्हशींकडे बघितलं. मग पुन्हा बटेकडे.

"आणि सिनेमा? म्हणजे... नटी कशी झाली तू — तुम्ही?"

"क्रिकेटवर आमच्याकडे पोट भरत नाही. म्हणून मालिकांत कामे केली. दोन मालिकांत मी प्रेत होते. एकीत मी फार गाजले." मग तिचा आवाज जरा खाली आला. "ही पहिली मोठी भूमिका. तिच्यासाठी मागचा मोसम सोडला, आणि संघातली माझी जागा गेली. आता सोमवारी परत जाते. निवडीचे शिबिर आहे. पुन्हा घेतील... किंवा नाही."

सोमवार. साकिबने बोटांवर दिवस मोजले. त्याला म्हणायचं होतं, जाऊ नकोस. नाही, तेही नाही. त्याला म्हणायचं होतं — जा, पण मला सांगू दे आधी की तू टोपी हलवतेस तेव्हा मला काय होतं. रोज घरून तो वाक्य पाठ करून यायचा. रोज बांधावर येऊन म्हणायचा, "उन्हात बसू नका, सावलीत या."

आणि ती रोज दोन बोटं सरकून त्याच्या सावलीत बसायची.

रविवारी अंतिम सामना. मोहोरवाडी विरुद्ध खालची आळी; नाव आळीचं, पण गाव वेगळं. शूटिंग आदल्या दिवशीच आटोपलं होतं. सिग्ने टी-शर्ट आणि ट्रॅक पँटमध्ये सामना बघायला आली, तेव्हा साकिबला घाम फुटला. झग्यात ती निदान मालिकेतली वाटायची.

खेळ सुरू व्हायची वेळ झाली आणि मोहोरवाडीचा हुकमी गोलंदाज अझीमचा फोन आला. खेडहून येताना कशेडी घाटात ट्रक आडवा झाला होता, आणि गाड्यांची रांग मुंगीच्या पावलाने सरकत होती. दहाच खेळाडू उरले. ही स्पर्धा होती 'एक गाव, एक संघ'. बाहेरचा खेळाडू चालत नाही, आधार कार्ड तपासून घेतात. फक्त गावचा जावई चालतो, कारण सासुरवाडीला आलेले जावई फार भांडायचे. आणि गेल्या वर्षी दोन्ही गावांच्या सरपंच चंद्रभागाताईंनी हट्टाने नियमात घालायला लावलं होतं — जावई चालतो तर सूनही चालेल. सून अजून कुणी उतरवली नव्हती.

"मी टाकू का दोन षटके?" सिग्नेने विचारलं. तिचे हात शिवशिवत होते. कित्येक महिन्यांत तिने सामन्यात चेंडू टाकला नव्हता.

कर्णधार येसाजीने तिला टोपी दिली. लगेच पलीकडून खालच्या आळीचा कर्णधार महिपती ओरडला, "ए, ही बाई कोण गावची?"

साकिबच्या हातात माइक होता. सगळं तिथेच बिघडलं.

"आमच्या गावची!" त्याचा आवाज डोंगरावर जाऊन परत आला. "आमच्या गावची... होणारी सून हाय!"

सगळ्या माना साकिबकडे वळल्या.

"कुणाची?" महिपतीने विचारलं.

आता माघार कुठे घेणार? "...माझी," साकिब माइकवर म्हणाला.

शिट्ट्या, टाळ्या, हलकल्लोळ. सामना यूट्यूबवर लाइव्ह होता. गावात मोबाइलवर बघत बसलेल्या हफिजाच्या हातातली लसणीची पाकळी तशीच राहिली.

"होणारी चालत नाय," महिपती अडून बसला.

चंद्रभागाताईंनी न्याय केला. "ठरलेलं असंल तर चालंल. पण खोटं निघालं तर कप खालच्या आळीचा. कबूल?"

"कबूल," येसाजी म्हणाला. साकिबने मान खाली घातली.

सिग्ने दूर गोलंदाजीच्या खुणा करत होती. तिच्यापर्यंत काय पोचलं, काय नाही, देव जाणे. श्रुतिका धावत गेली, तिच्या कानात काहीतरी बोलली. सिग्नेने एकदा साकिबकडे बघितलं — लांबून, अगदी शांतपणे — आणि धाव घेतली.

काय गोलंदाजी केली बाईने! हलका टेनिस बॉल, पण तिच्या हातून सुटला की शेवटच्या क्षणी असा आत यायचा की बॅट एकीकडे आणि दांडी भलतीकडे. महिपती स्वतः पहिल्याच चेंडूवर गेला. बळी मिळाला की ती दोन्ही हात पसरून धावत सुटायची, आणि येसाजीपासून सगळे तिच्यामागे. इतकी खूश तिला साकिबने आठवडाभरात पाहिली नव्हती. तो समालोचन करत होता, पण त्याच्या जिभेला चव नव्हती. मध्येच त्याने पाहिलं तर सीमारेषेवर खुर्ची टाकून अम्मी बसलेली. तिने लेकाकडे ढुंकून पाहिलं नाही. सिग्ने सीमारेषेवर आली की मात्र तिला पाणी देत होती.

मोहोरवाडी जिंकली. लोकांनी सिग्नेला खांद्यावर घेतलं. आणि महिपती चंद्रभागाताईंपुढे येऊन उभा राहिला. "आता विचारा तिलाच. ठरलंय काय?"

ताईंनी सिग्नेला जवळ बोलावलं. कप टेबलावर होता. सगळं गाव भोवती.

"बाय गो, खरं सांग. तुझं आणि साकिबचं ठरलंय काय?"

सिग्नेने श्वास घेतला. साकिबला तो श्वास दिसला, आणि त्याला एकदम कळलं की ती 'हो' म्हणेल. गावासाठी म्हणेल, खेळाडू आहे, संघाला दगा देणार नाही. मग त्या 'हो'चं तो काय करणार होता? जन्मभर कपाटात ठेवणार?

"नाय!" तो ओरडला. माइक खुर्चीवरच पडला होता. "नाय ठरलं, ताई. मी खोटं बोललो. मी तिला विचारलंसुद्धा नाय. आठवडाभर विचारीन म्हणतोय, जमत नाय. मला ती आवडते... लय आवडते. पण सामन्यासाठी तिच्या तोंडून काय वदवून घ्यायचं नाय मला. कप द्या त्यांना."

महिपतीने कप उचलला, पण त्याची मिरवणूक काढायचा धीर त्याला झाला नाही. येसाजीने साकिबला अशी शिवी हासडली की ती इथे लिहिता येत नाही. गर्दी पांगली. हफिजा तेवढी खुर्चीवरून उठली.

"कप गेला तर गेला रे," ती कडाडली, "सून कशाला घालवलीस?"

साकिब बांधावर जाऊन बसला. ऊन उतरलं होतं. शेजारी कुणीतरी येऊन बसलं. त्याला बघायची गरज नव्हती.

"प्रश्न मला होता, महाशय. उत्तर आपण का दिलेत?"

"माफ करा... तुम्ही हो म्हणणार होता."

"होय. म्हणणार होते."

"कपासाठी."

सिग्ने त्याच्याकडे वळली. गाल उन्हाने लाल झालेले, कपाळावर माती. "साकिब, बारा वर्षांत एकदाही मी बाद नसलेल्या फलंदाजाविरुद्ध अपील केले नाही. डेन्मार्क हरत असतानाही नाही. आणि आपल्याला वाटते, एका कपासाठी मी खोटे बोलेन?"

साकिबला आधी कळलंच नाही. मग हळूहळू कळलं. पायांपासून वर कळत गेलं.

"म्हणजे... तू..."

"मी सोमवारी जाणार," ती म्हणाली. "शिबिरात जाणार, जागा परत मिळवणार, सगळा उन्हाळा खेळणार. ते मी सोडणार नाही. आणि मोसम संपला की येणार. तुम्ही थांबाल का?"

त्याला म्हणायचं होतं पुष्कळ. आणि गंमत म्हणजे माइक नसताना, समोर ती असताना, त्या दिवशी त्याला सगळं म्हणता आलं. काय म्हणाला ते त्या दोघांचं. सिग्नेला निम्मं समजलं नाही, पण ती पुन्हा पुन्हा मान डोलवत राहिली, आणि मध्येच कधीतरी तिने आपला मातकट हात त्याच्या हातात दिला.

"चला गो," मागून हफिजाचा आवाज आला. तिने लेकाकडे बघितलंच नाही, सिग्नेचा दुसरा हात धरला. "सांदणं केलीत. गरम हायत तवर खाऊन घे. हा येतो मागून, खुर्ची घेऊन."