परदेशातला शेवट
आग्लायाची आणि प्लातोनची पहिली भेट झाली ती तिचा झगा फाटून. काचेच्या छताच्या स्टुडिओचा जिना ती धावत चढत होती, आणि नवा कॅमेरामन आकाश बघत उतरत होता. त्याचा बूट नेमका तिच्या झग्यावर पडला.

"डोळे कुठे आहेत तुमचे?"

"ढगांवर," तो म्हणाला. मग तिच्याकडे बघून – "होते."

तिला हसू आलं. तिथेच फसली.

महिनाभर तो नुसताच बघत राहिला. बोलायचं नाव नाही.

चित्रपट मूक, पण त्याला शेवट दोन लागत. नायिका मेल्याशिवाय मॉस्कोच्या प्रेक्षकाचं समाधान होत नसे. परदेशात तीच नायकाच्या मिठीत सुखरूप हवी. नायिका झालेल्या आग्लायाचं मरण सकाळी एका दमात पार पडलं. मिठी मात्र संपेना. नायक लेओनिद अर्कादिच लसणाचं सॉसेज खाऊन आला होता. ती त्याच्या छातीवर डोकं टेकवी, आणि कॅमेरा फिरवायच्या हँडलवरचा प्लातोनचा हात थांबे. चित्रण काचेच्या छतातून येणाऱ्या उन्हावरच चालायचं.

"ढग," तो म्हणे.

दिग्दर्शक ओसिप मार्कोविच करवादले, "प्लातोशा, सगळे ढग माझ्याच छपरावर येतात का रे? हे संपायच्या आत ऊन गेलं, तर तू कायमचा घरी बस!"

पुन्हा मिठी. पुन्हा ढग. आग्लायाने वर पाहिलं. आकाश निरभ्र! ती तरातरा कॅमेऱ्याजवळ गेली.

"कुठाय ढग?"

"आत्ताच गेला..."

"प्लातोन इलिच!"

"तो तुम्हाला इतकं जवळ घेतो... माझा हातच चालत नाही."

"अहो शहाणे! तुम्ही थांबलात की मला पुन्हा त्याच्या गळ्यात पडावं लागतं. सकाळपासून तुम्हीच मला तिकडे ढकलताय!"

प्लातोनचा चेहरा पडला. हे त्याच्या डोक्यातच आलं नव्हतं.

"मग... करू काय?"

"हँडल फिरवा. आणि काय बोलायचंय ते तोंडाने बोला."

ती परत मिठीत शिरली. हँडल फिरू लागलं. कॅमेऱ्यामागून घोगरा आवाज आला, "आग्लाया पेत्रोव्हना, माझ्याशी लग्न कराल?"

लेओनिद अर्कादिच ताठरला. त्याच्या खांद्यावरून ती थेट प्लातोनकडे बघत म्हणाली, "करीन! पण आता थांबलात तर याद राखा!"

"फिरव रे, फिरव!" ओसिप मार्कोविच कुजबुजले. "अशी नजर हिने सबंध चित्रपटात दिली नाही!"

"मी सुटलो का?" नायकाने विचारलं.

"हलू नका," आग्लाया म्हणाली.

कॅमेऱ्यातली फिल्म संपली, ऊन कलंडलं, ओसिप मार्कोविच "पुरे, गाढवा!" म्हणून ओरडले, प्लातोनचा हात आपला फिरतोच आहे.