कवकरेशमाची जकात

कोकणातल्या नव्या बंदराच्या सीमाशुल्क प्रयोगशाळेत तंतुपारखी यंत्राने तिसऱ्यांदा निराळं उत्तर दिलं, तेव्हा धुरीसाहेबांचं डोकंच फिरलं. एकतीस वर्षं ते परदेशी कापडाचं वर्गीकरण करत होते. नियम कसा सरळ: ज्या धाग्याचं वजन जास्त, त्याच्या नावाने कापड ओळखायचं. सुती निघालं तर कर थोडका, रेशमी निघालं तर भलताच.

"सोमवारी सुती, बुधवारी निम्मं-निम्मं, आज रेशमी," ते म्हणाले. "बाई, तुमचं यंत्र लहर लागेल तसं बोलतं की काय?"

प्रयोगशाळेच्या रसायनतज्ज्ञ मृण्मयी कारखानीस हसल्या. "यंत्र ठणठणीत आहे, साहेब. कापड जिवंत आहे. धाग्यात एक बुरशी पेरलीय. ती कापूस खाते आणि रेशीम विणते. कवकरेशीम म्हणतात याला. भाजलेल्या जखमेवर ही पट्टी बांधली की बदलावी लागत नाही, फाटली तर स्वतःच भरून येते."

"आणि खाणं थांबतं कधी?"

"कापूस संपला की."

कोपऱ्यातल्या स्टुलावर माल मागवणारे अंबादास येमूल बसले होते. सोलापुरातले त्यांचे माग बंद पडून वर्ष झालं होतं. आता या कापडाच्या पट्ट्या शिवायच्या म्हणून त्यांनी चाळीस बायकांना शिकवून तयार केलं होतं. "रेशीम ठरलं तर मला झेपायचं नाही, साहेब," ते म्हणाले. "कंटेनर पाचच्या बोटीने परत जाईल. बायकांना काय तोंड दाखवू?"

धुरींना वाईट वाटलं, फार वाईट वाटलं. पण खोटा अहवाल त्यांनी जन्मात लिहिला नव्हता. वाद झाला की मोहोरबंद नमुना उघडायचा आणि तो सांगेल ते खरं धरायचं, ही तिथली रीत. सोमवारी त्यांनीच कंटेनरातून तळहाताएवढा तुकडा कापून, सुती पिशवीत घालून, लाखेने बंद केला होता. वर्षानुवर्षं सगळे नमुने तसेच ठेवले जात.

कपाट उघडलं तर पिशवी गायब. लाखेचा शिक्का तेवढा एका घडीवर पडला होता. घडी उलगडली, तर चांगला पंच्याएवढा कपडा.

यंत्र म्हणालं, शुद्ध रेशीम. येमूलांनी मान खाली घातली. धुरींनी पेन उचललं आणि तसंच धरून ठेवलं.

"बाई, मी तळहाताएवढा कापला होता."

"पिशवी खाल्ली त्याने."

"पिशवी कुठली होती?"

"आपल्या भांडारातली. विदर्भातल्या कापसाची."

धुरी खुर्चीत मागे रेलले. हळूहळू त्यांच्या मिशीखाली हसू पसरलं. "नमुन्याच्या तुकड्यावर कर नाही. बाकीचं कापड बोटीतून आलेलंच नाही. ते या कपाटात जन्मलंय. जे आयातच झालं नाही, त्याचं मी वर्गीकरण काय करणार? आणि चाचणी झाली की उरलेला नमुना मालकाला परत द्यायचा, असं आमचा नियमच सांगतो."

येमूलांना उमजायला क्षणभर वेळ लागला. मग ते स्टुलावरून उठले. "म्हणजे सोलापुरात नुसता कापूस घालत राहायचं?"

"हो. कंटेनर खुशाल जाऊ द्या."

"मग पुढचा कंटेनर?" मृण्मयीबाईंनी विचारलं.

"आता कोण कशाला मागवेल, बाई? या कापडापुरतं माझं काम संपलं." असं म्हणून धुरी उठले. कपाटातून तीन कोऱ्या सुती पिशव्या काढून त्यांनी त्या येमूलांच्या हातात ठेवल्या.

"सोलापूर लांब आहे," ते म्हणाले. "वाटेत भूक लागेल त्याला."