बायनाबाईची किटली

किटली परत द्यायची होती, एवढंच काम. म्हणून रविवारी दुपारी वडवणीची एसटी धरली.

माझा चुलतभाऊ भारत कॉलेजच्या स्पर्धेसाठी शॉर्टफिल्म करत होता. गावातल्या बायनाबाईवर. दुष्काळात तिची म्हैस छावणीत मेली, मग दूध सोसायटीलाही कुलूप लागलं. पण बाई रोज पहाटे रिकामी किटली घेऊन सोसायटीच्या खिडकीशी उभी राहायची. मरेपर्यंत. फिल्ममध्ये ती खिडकीत काहीच ओतत नाही, तरी आतलं माप फेसानं भरत जातं. बायनाबाई मी झाले होते. किटली मात्र खरी, तिचीच. तिच्या जावेनं, छबुबाईनं दिलेली.

छबुबाई उंबऱ्यातच बसली होती. मी किटली पुढं केली तर तिनं हात मागं घेतला.

"त्या दिशी निघताना खिडकीपशी काय म्हनलीस, पोरी?"

मला आठवलं. शूटिंग संपलं तेव्हा सवयीनं तोंडातून गेलं होतं, "येते हं." भारत केवढा हसला होता. "तायडे, कुणाला सांगायलीस? आत कुत्रंबी न्हाई!"

"येते म्हणाले..."

"मेल्या मानसाच्या दारातून येते म्हनत असतेत का? लई शिकलीस म्हनं!" मग तिचा आवाज खाली आला. "ती वाट बघंल, बाई. किटली तिथंच ठिव. अन् जाते म्हन. निस्तं जाते."

सोसायटीचे पत्रे उन्हानं तडतडत होते. आवारात चिटपाखरू नव्हतं. खिडकीच्या गजांमागं अंधार, आणि त्या अंधारातून आंबूस वास... इतक्या वर्षांनी?

मी किटली कट्ट्यावर ठेवली. शब्द साधाच. पण घरातून निघताना 'जाते' म्हटलं की आई तोंडावर चापट मारायची. ओठ उघडेनात. शेवटी डोळे मिटले.

"जाते..."

आत पत्र्याचं माप हललं. आणि मग, आपल्याच घरातून म्हणावं तितक्या मायेनं, कुणीतरी म्हणालं,

"जाऊन ये."

मी पळाले. किटली तिथंच राहिली. भारतनं दुसऱ्या दिवशी जाऊन बघितलं, आहे तिथंच आहे म्हणाला.

आता मी बीडला असते. दाराला आतून कडी लावून झोपते. पण पहाटे जाग येते तेव्हा मी दाराशी उभी असते, उजवी मूठ घट्ट वळलेली. उघडली की तळव्यावर किटलीच्या कडीचा लाल वळ... आणि हाताला कोमट, नुकत्याच काढलेल्या दुधाचा वास.