साळवीकाकांचा अंदाज

त्या रविवारी आमच्या घरात सगळं नेहमीसारखंच होतं. बाबा जेवणाच्या टेबलाशी पाठकोरे कागद घेऊन बसले होते, मी तांदळाची भाकरी थापत होते आणि सप्टेंबरचा पाऊस खाडीवरून तिरका येऊन खिडकीची जाळी भिजवत होता. बेल वाजली. हात पिठाचे होते, म्हणून मी कोपराने कडी सरकवली.

दारात एक भिजलेला तरुण उभा होता. एका हातात हेल्मेट, दुसऱ्या हातात पिशवी, आणि पिशवीतून टपटप पाणी गळतंय.

"साळवीकाका इथंच राहतात ना?"

"इथंच. पण ती पिशवी बाहेर ठेवा."

"बोंबील आहेत हो. आत्ता बोटीवरून उतरलेत."

"मग पिशवी आत द्या," मी म्हणाले, "आणि तुम्ही बाहेर थांबा."

तो हसला. पायपुसण्यावर पाय पुसत राहिला... जरा जास्तच वेळ.

तो यतीन. इथल्याच समुद्रकाठच्या पालीचा. घरची बोट होती, पण याने गळाच्या रीळांचं दुकान टाकलं होतं. मुंबईहून हौशी लोक रविवारी येऊन खडकावर गळ टाकून बसतात, त्यांना रीळं विकायची. रीळं जपानहून मागवायची. आणि परदेशातून काही मागवायचं म्हटलं की भाईंदर पूर्वेतल्या निम्म्या लोकांना आधी माझे बाबा आठवायचे. एका क्लिअरिंग एजंटकडे त्यांनी एकतीस वर्षं काढली होती. केबिन रोडवरचा कॉस्मेटिकवाला असो की नवा दवाखाना थाटणारा डेंटिस्ट, "काकाजी, कस्टम कितना लगेगा?" असा मेसेज यायचा. बाबा ऑफिसातून आणलेल्या जुन्या फॉर्मांच्या कोऱ्या बाजूवर हिशेब मांडायचे, त्याचा फोटो काढून पाठवायचे. पैसे घ्यायचे नाहीत.

"रीळ सात हजाराचं," बाबा यतीनला म्हणत होते. "ड्युटी कशावर बसेल?"

"सात हजारावर."

"ते काय जपानहून चालत येणार आहे? भाडं धर. विमा धर. मग होईल ती कस्टमच्या लेखी किंमत. तिच्यावर ड्युटी, ड्युटीवर सरचार्ज. आणि या सगळ्याच्या बेरजेवर आयजीएसटी."

"म्हणजे काका, करावर पण कर?"

"आयजीएसटी शेवटी येतो आणि सगळ्यांच्या ताटातलं खातो. जावयासारखा."

यतीनने मान वर करून स्वयंपाकघराकडे पाहिलं. मी भाकरी उलटली... घाई झाली, ती मोडली.

जाताना तो म्हणाला, "काका, फी?"

"बोंबील आणलेस ना? झालं."

दुसऱ्या दिवशी, सोमवारी, मी मीरा रोडला कॉलेजच्या ग्रंथालयात होते. पावणेअकराला शेजारच्या दिव्याताईंचा फोन आला. मी पोचले तेव्हा बाबा खुर्चीतच होते. हृदय थांबून तास झाला होता.

पुढचं सगळं मामांनी केलं. आई मी शाळेत असतानाच गेली होती, त्यामुळे घरात आम्ही दोघंच. नातेवाइकांना मामांनीच फोन केले, गावी लांज्याला कळवलं, सोसायटीच्या फळ्यावर लिहिलं. पंधरा दिवसांनी मी कामावर परतले तेव्हा तिथेही सगळ्यांना माहीत होतं. ते एक वाक्य मला कुणापुढे उच्चारावं लागलं नाही. मीही उच्चारलं नाही. न उच्चारल्याने काही बदलत नाही, हे मला कळत होतं. तरी बाबांचा फोन मी रोज चार्ज करत होते.

ऑक्टोबरच्या सुरुवातीला तो वाजला.

'काका दहा रीळं घेतोय. लिंक पाठवतोय. किती बसेल?'

कळवायला हवं होतं. दोन शब्दांचं काम होतं. मी टाइप केलंही... आणि पुसलं. मग कपाटातून पाठकोरा कागद काढला. लहानपणापासून पाहत आले होते, पायऱ्या पाठ होत्या. किंमत, भाडं, विमा, ड्युटी, सरचार्ज, आयजीएसटी. दोनदा ताळा केला, फोटो काढला आणि पाठवला. खाली बाबांसारखंच लिहिलं, 'कुरिअरवाल्याचा हाताळणीचा खर्च वेगळा. तो विसरू नकोस.'

'काका तुम्ही देवमाणूस.'

त्या रात्री मला बऱ्याच दिवसांनी झोप लागली.

चार दिवसांनी पुन्हा मेसेज आला. 'खाली आलोय. फी आणलीय.'

मी धावत जिना उतरले. तो वर आला असता तर? गेटपाशी स्कूटरवर बसला होता, हँडलला पिशवी.

"काका?"

"झोपलेत."

"संध्याकाळी सहाला?"

"वय झालं." माझा आवाज मलाच परका वाटला.

"तुमचंही झालंय का? दमलेल्या दिसताय."

"तीन मजले पळत उतरले म्हणून."

"माझ्यासाठी?"

"बोंबलांसाठी," मी म्हणाले आणि पिशवी घेतली. जिन्यात आल्यावर लक्षात आलं, मी हसत होते. पहिल्या वळणावर थांबले. बाबांचं नाव घेऊन खोटं बोलायचं आणि वर हसायचं, मला माझीच लाज वाटली. बोंबील मात्र मी तळले. एकटीनेच खाल्ले.

असे महिने गेले. फोनवर मी त्याला अरे-तुरे करायची आणि गेटवर अहो-जाहो. फोनवर दरडावायची, 'बिलावर खरी किंमत लाव. कमी दाखवून चार पैसे वाचतात, पण माल अडकला की दुकान अडकतं.' आणि गेटवर त्याने दुकानाचं काही सांगितलं की नव्यानेच ऐकतेय असं दाखवायची. तो सांगायचाही छान. त्याचे वडील म्हणायचे, जाळ्याच्या घरात दोरी विकणारा जन्मला. आई रोज विचारायची, आज कुणी आलंता का न्हाय? तो मुद्दाम मोठ्याने सांगायचा, आलंता, वाट चुकून.

"काका कसे?"

"लांज्याला गेलेत."

पुढच्या वेळी, "सर्दी आहे." त्याच्या पुढच्या वेळी, "आत्ताच जेवून आडवे झालेत."

"काकांच्या आणि माझ्या भेटीचं काही जमत नाही," तो म्हणायचा आणि जायला वळायचा... पण जायचा नाही. स्कूटरच्या आरशातून माझ्याकडे बघत राहायचा. एकदा माझ्या हातातलं पुस्तक पाहून म्हणाला, "एवढं जाड? यावर ड्युटी किती?"

"वाचणाऱ्याला माफ."

"मग आमचं अवघड आहे."

डिसेंबरच्या शेवटी, ग्रंथालयात परत आलेली पुस्तकं लावत असताना पर्समध्ये बाबांचा फोन थरथरला.

'काका एक खासगी विचारू? रागावू नका.'

मी बाबा होऊन लिहिलं, 'विचार.'

'तुमच्या मुलीचं कुठे ठरलंय का?'

हातातलं पुस्तक मी भलत्याच कप्प्यात ठेवलं. ते आठवडाभर सापडलं नाही.

दोन दिवस मी उत्तर दिलं नाही. बाबांच्या फोनवरून 'हो' म्हणणं म्हणजे कुणाचा होकार? आणि खरं सांगितलं तर... तीन महिने ज्याला 'काका' म्हणत होता तो कोण होता, हे कळल्यावर तो पुन्हा गेटपाशी कशाला उभा राहील? तिसऱ्या दिवशी लिहिलं, 'तिलाच विचार.'

'चिडेल का? काहीतरी अंदाज द्या.'

'प्रत्येक वस्तूला आठ आकडी कोड असतो. त्यावरून ड्युटीचा दर कळतो. हिला कोड नाही.'

मग आलं, 'उद्या पाचला जेसल पार्क चौपाटीवर बोलावतो तिला. तुमची परवानगी धरतो.'

मिनिटभराने माझा स्वतःचा फोन वाजला. 'निशिगंधा, उद्या पाचला चौपाटीवर याल? यतीन.' माझा नंबर त्याच्याकडे सुरुवातीपासून होता. बाबांनीच दिला होता. त्याने तो आजवर वापरला नव्हता.

जानेवारीचं ऊन उतरलं होतं. खाडीचं पाणी ओसरलं होतं, चिखलात बगळे फिरत होते. यतीन आधीच येऊन बसला होता, इस्त्रीच्या शर्टात. तो शर्ट पाहून मला उगाचच भरून आलं. बसले. मध्ये त्याचं हेल्मेट.

"मला एक सांगायचंय," आम्ही दोघंही एकदम म्हणालो.

"तुम्ही आधी," मी म्हणाले. भित्रेपणाने.

त्याने खिशातून घडी केलेले दोन कागद काढले. दोन्ही बाबांचे... म्हणजे एक बाबांचा, एक माझा. फोटोंच्या प्रिंट.

"हा त्या सप्टेंबरचा. काकांनी काढला तो आकडा. प्रत्यक्षात यापेक्षा अकराशे कमी लागले. त्याच्याआधी दोनदा फोनवर नुसता आकडा विचारून मागवलं, तेव्हाही कमीच. मी एकदा विचारलं, काका तुमचा अंदाज नेहमी चुकतो कसा? तर म्हणाले, माणसाला थोडं जास्तच सांगावं. दुकानदार तयारीत राहतो, आणि कमी निघालं की त्या दिवशी घरी काहीतरी गोड नेतो."

मला हे माहीत नव्हतं. एकतीस वर्षं बेरीज-वजाबाकी करणारा माणूस मुद्दाम चुकत होता, आणि मी इतकी वर्षं त्याच टेबलावर जेवत होते.

"आणि हा ऑक्टोबरचा," यतीन म्हणाला. "साठ रुपयांचा फरक. पुढचा चाळीसचा. इतका बरोबर अंदाज काकांचा न्हाय. तेव्हाच कळलं, हे काका नाहीत. ही ती... भाकरी मोडणारी."

मी मान वर केली.

"तेव्हापासून?"

"हो."

"म्हणजे परवाचा प्रश्न..."

"जिला विचारायचा होता, तिलाच विचारला." त्याचे कान लाल झाले होते. "मला वाटलं, काकांचे डोळे दुखत असतील, लिहून तुम्ही देत असाल. म्हटलं, बरंच आहे. तुम्ही मला रोज दरडावता, मला आवडतं. आता तुम्ही सांगा. चिडलात?"

"नाही."

"मग?"

"मग... नाही चिडले." हसू मात्र लपवता आलं नाही.

त्याला तेवढं पुरलं. तो उठला, कागद घडी करून खिशात ठेवले, हेल्मेट उचललं. "चला तर. आज काका झोपलेले असले तरी उठवू. रीतसर विचारतो. आईने वड्या दिल्यात, डिकीत आहेत. बसा मागे."

तो दोन पावलं पुढे गेला. मी जागची हलले नाही. झोपलेत. लांज्याला गेलेत. सर्दी आहे. तिन्ही वाक्यं तयार होती, आणि यातलं कुठलंही म्हटलं असतं तर त्याने आजही मान डोलावली असती. मग उद्याही. आणि एखाद्या दिवशी दिव्याताई जिन्यात भेटल्या असत्या.

"यतीन."

तो वळला. माझा चेहरा पाहून परत आला. हेल्मेट खाली ठेवलं.

"काय झालं?"

बगळ्यांकडे पाहत बोलावं असं वाटलं, पण मी त्याच्याकडेच पाहिलं.

"बाबा नाहीत," मी म्हणाले. आवाज इतका लहान आला की पुन्हा म्हणावं लागलं. "माझे बाबा गेले. तुम्ही आलात ना, त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी. मी हे कुणालाच सांगितलेलं नाही. तुला पहिल्यांदा सांगतेय."

तो समोर उभा राहिला, हात अर्धवट पुढे आलेला.

"बाबा गेले," मी तिसऱ्यांदा म्हणाले, आता मोठ्याने. "तू जाऊ नकोस."