दोन स्क्रूंची पाटी

"अहो, ती खुर्ची डॉक्टर बिभूदत्त मेहेरांची आहे," सुलग्ना म्हणाली.

"मीच तो."

तिने चष्मा वर सरकवला. कागदोपत्री ती दोघं वर्षभर एकाच खोलीत बसत होती. भेट मात्र आज, कॉलेजच्या पहिल्याच तपासणीच्या दिवशी.

"असं होय... मग पाणी कुठे ठेवलंय, ठाऊक असेलच."

त्याने मोठ्या आत्मविश्वासाने कपाट उघडलं. आत सांगाडा होता.

"जागा बदलली वाटतं," तो म्हणाला, आणि तिला हसू आवरेना.

डोंगरातल्या आडवळणी कुसुमपदरच्या सरकारी मेडिकल कॉलेजात अ‍ॅनाटॉमीला किमान चार शिक्षक हवेत, असा नियम. होती एकटी सुलग्ना. नियम मोडायला नको, म्हणून तपासणीच्या दिवशी बाकीचे तिघे किनाऱ्याकडच्या जुन्या कॉलेजातून बसने आणले जात. नटबरमौसा, म्हणजे इथला वयस्कर शिपाई, त्यांच्या नावाच्या पाट्या दाराबाहेर लावी. सुलग्नाची पाटी चार स्क्रूंवर होती. पाहुण्यांच्या दोन-दोन स्क्रूंवर. लगेच उतरवायच्याच असत!

डोकी मोजून तपासनीस गेले. दोघे पाहुणे परतीच्या बसकडे धावले. बिभूदत्त मात्र शवविच्छेदनाच्या हॉलमध्ये शिरला. एका मृतदेहाभोवती शंभर मुलं. मागची एक मुलगी स्टुलावर चढून मान उंचावत होती.

"काय दिसतंय?" त्याने विचारलं.

"पुढच्यांची डोकी, सर."

त्याने बाह्या सारल्या, आणि संध्याकाळपर्यंत दहा-दहांना पुढे बोलावून हाताच्या नसा दाखवल्या. सुलग्ना दारात उभी होती. वर्षभरात प्रथमच तिचा घसा बसला नव्हता.

पुढच्या तपासणीला त्याने छेनापोडा, म्हणजे भाजलेल्या छेन्याची मिठाई, आणली. तिसऱ्या तपासणीला म्हणाला, "दोन वर्षांत आपलं कधी भांडण झालं असेल का हो?"

"रोज. तुम्ही वर्ग घेत नाही म्हणून."

"आणि... समेट?"

"त्याची नोंद नाही," ती म्हणाली, पण कान लाल झाले.

चौथ्या खेपेला ती नवी साडी नेसली. मौसा पाटी लावता लावता म्हणाला, "तपासणी कॉलेजची आहे ना गो, माँ?"

मग मुलं जनहित याचिका घेऊन हायकोर्टात गेली. याचिका स्टुलावरच्या त्या मुलीच्या नावाने होती. कोर्टाने सुलग्नाला विचारलं: इथे खरोखर कोण शिकवतं, ते शपथेवर सांगा.

आठ दिवस तिने कागदाला हात लावला नाही. पाचवी तपासणी पुढच्याच महिन्यात होती. शेवटी तिने फोन केला.

"खरं लिहिलं तर तुम्ही इथे कधीच येणार नाही. वर तुमची बढतीही अडकेल."

"आणि नाही लिहिलं तर?"

"तर... तुम्ही येत राहाल. वर्षातून दोनदा." ती थांबली. "आणि ती पोर स्टुलावरच राहील."



"लिहा, सुलग्ना," तो म्हणाला. पहिल्यांदाच त्याने 'मॅडम' गाळलं होतं. "फक्त आकडा बरोबर टाका. मी चार दिवस आलो. चारही माझ्या लक्षात आहेत."

तिने लिहिलं: डॉ. बिभूदत्त मेहेर, नेमणूक तीन वर्षांची, हजेरी चार दिवस. सही करताना पेन जरा अडलं, एवढंच.

कोर्टाने उसनी माणसं मोजायला बंदी केली, रोजची हजेरी चेहऱ्यावरून घ्यायला लावली, आणि रिकाम्या जागा तीन महिन्यांत भरा म्हणून सांगितलं. बिभूदत्तची बढती थांबली. मौसाने तिन्ही पाट्या ज्यांच्या त्यांना धाडून दिल्या. भिंतीवर सहा भोकं उरली. त्यांतल्या दोन भोकांवरून सुलग्ना येताजाता बोट फिरवी, धूळ पुसल्यासारखं.

कुसुमपदरला कोण येणार? जाहिरात निघाली, मुदत संपत आली. सरकारने कोर्टाकडे आणखी वेळ मागायची तयारीही केली...

आणि एका सकाळी ती कॉलेजात आली, तर दारापाशी एक ट्रंक, एक गुंडाळलेली गादी, आणि हातात पाटी धरून बिभूदत्त उभा.

"कोणी जबरदस्ती केली?" तिला दुसरं काही सुचेना.

"अर्ज केला. किनाऱ्याकडचे म्हणाले, वेड लागलंय याला." तो जरा घुटमळला. "खरं म्हणजे... ते तुम्ही तपासायचं आहे."

तिने चष्मा पुसला. मग आत वळून हाक मारली, "मौसा! स्क्रू आणा हो."

"किती, माँ? दोन?"

तिने बिभूदत्तकडे पाहिलं.

"चार," ती म्हणाली. "आणि घट्ट आवळा."