लेफ्टेरिसचं अक्षर

जूनचा पाऊस चुकवायला तो माउंट रॉस्किलच्या औषधांच्या दुकानात शिरला आणि खोकल्याची बाटली घेताना हातातला कागद काउंटरवरच विसरला.

"‘ती खिडकी उघडते. लांबून क्लॅरिनेट,’" काउंटरमागच्या अक्षताने सहज वाचलं.

दारातून तो मागे फिरला. "तुला... हे वाचता आलं? आमच्या ऑफिसात तिघांनी हात टेकले!"

"मी फार्मसिस्ट आहे. डॉक्टरांचं वाचते, तुझं काय घेऊन बसलास!"

लेफ्टेरिस अथेन्सचा. पटकथा लिहायचा आणि चित्रपटाचं संगीतही स्वतःच करायचा. पाच चित्रपट झाले होते, सहावा इथल्या निर्मात्यासाठी. त्याची पानं टाइप करायचं अक्षताने कबूल केलं. निव्वळ हौस म्हणून, असं तिने नागपूरला आईला फोनवर तीनदा सांगितलं, म्हणजे बघा.

दुकानातला नियम असा, की शब्द लागला नाही तर अंदाज करायचा नाही, लिहिणाऱ्याला फोन करायचा. ती त्यालाही करी. आधी दिवसाला दोन, मग दहा.

"हल्ली तुझं अक्षर फारच बिघडलंय."

"मुद्दाम बिघडवतो," तो म्हणाला. "नाहीतर तू फोन कशाला करशील?"

तिचे कान तापले. तेव्हापासून कशात म्हणून लक्ष लागेना. घरी जायची न्यू लिनची बस डोळ्यांसमोरून निघून जाई आणि ही उभीच.

आणि आता शुक्रवारी तो निघणार होता. अथेन्सला मोठ्या चित्रपटाचं संगीत, दोन वर्षांचं काम. गुरुवारी संध्याकाळी शेवटचं पान देऊन तो तिच्या स्वयंपाकघरात येरझारा घालू लागला. पानावर विमानतळ, निघालेला नायक आणि नायिकेच्या नावापुढे कोरी जागा.

"ही काय म्हणते?"

"काही नाही. व्हायोलिनं वाजतात. मनातलं बोलायची वेळ आली की मी संगीत घालतो... भित्रा आहे मी, अक्षता."

ती उठली, बसली, पुन्हा उठली.

"व्हायोलिनं काढ," ती म्हणाली. "मला तू आवडतोस. जाऊ नकोस."

तो जागीच थांबला. मग भिंतीवरचा फोन उचलून त्याने अथेन्सला लावला. ग्रीकमध्ये विनवणी झाली, वादावादी झाली. अक्षता खुर्चीची पाठ घट्ट धरून उभी होती. एक अक्षर कळत नव्हतं.

त्याने फोन ठेवला.

"काय म्हणाले?"

"खूप शिव्या दिल्या. दुसरा माणूस बघतायत." त्याने तिचा हात हातात घेतला. "मी आता बेकार आहे... चालेल?"

"स्वीट ऍज, एकदम चालेल," ती म्हणाली आणि रडायलाच लागली.